यंत्राच्या कंठांतून दहा राग

गेल्या वैशाखांत नृसिंहजयंतीच्या निमित्तानें आम्ही सहकुटुंब पोखर्णीस गेलों होतों. परभणीहून परळीकडे जाणाऱ्या लोहमार्गावर ‘पोखर्णी नृसिंह’ या नांवाचें लहानसें स्थानक लागतें. देवाचें नांव स्थानकानेंही धारण केलें आहे. कित्येक घराण्यांचें हें कुलदैवत असल्यामुळें त्या दिवशीं दूरदूरचीं कुटुंबें तेथें येतात. सूर्यास्ताच्या वेळीं जन्मोत्सव झाला, आरती झाली, आणि आम्ही सारे उतरल्या जागेच्या ओसरीवर जरा टेकलों. लग्नसराईचे दिवस होते. दूरवर कोणा वरातीचे ध्वनिवर्धक दणाणत होते. त्या धडधडाटानें आमचे थोरले बंधू, ज्यांस घरांत लहानथोर सारेच ‘अण्णा’ म्हणतात, आधींच त्रासले होते. इतक्यांत कोपऱ्यांत बसलेल्या त्यांच्या नातवाच्या मोबाइलमधून तसाच धडधडाट, जरा सौम्य होऊन, उमटूं लागला. आणि त्या ठोक्यावर चक्क तोडीचे स्वर!

अण्णांची मुद्रा पाहण्यासारखी झाली. “हें काय लावलें आहेस?” त्यांनीं विचारिलें.

“मींच केलें आहे, अण्णा. संगणकावर. तोडी आहे.”

“तोडी! अरे, दिवेलागणीला तोडी? आणि ठेका वरातीचा! बंद कर तें आधीं.”

मुलानें निमूटपणें तें बंद केलें. तो पुण्यास अभियांत्रिकी शिकतो. लहानपणीं सहा-सात वर्षें त्यानें अण्णांच्या पेटीपाशीं बसून पलटे घोटले होते. महाविद्यालयांत गेल्यापासून तें सुटलें. घरांतलें गाणें आपल्याबरोबर संपणार, हें दुःख अण्णा बोलून दाखवीत नसत. परंतु आम्हांस तें ठाऊक होतें. त्या रात्रीं पानावर कोणी फारसें बोललें नाहीं. हात धुऊन झाल्यावर मुलगा आमच्यापाशीं येऊन हळूच म्हणाला, “काकाआजोबा, अण्णांना वाटतें हें खूळ आमच्या पिढीनें काढलें. पण डिस्कोच्या ठेक्यावर दहा राग मुंबईंत १९८२ सालींच वाजवून झाले आहेत. तेव्हां माझे बाबासुद्धां शाळेंत जात नव्हते.”

आम्हीं ती वार्ता अण्णांच्या कानीं घातली. ते थोडा वेळ गप्प राहिले, आणि मग म्हणाले, “असेल. पण ऐकायचेंच तर वेळेवर ऐकूं. भैरव असेल तर पहांटे लाव. तोडी ऊन चढल्यावर.” नकाराची अपेक्षा करणाऱ्या मुलास ही अट म्हणजे मोठीच सवलत वाटली. पहांट व्हावयास अवकाश होता. तेवढ्या वेळांत त्यानें आम्हांस जें सांगितलें, व पुढें घरीं परतल्यावर आम्हीं जें वाचून व ऐकून पडताळिलें, तें या महिन्यांत वाचकांपुढें ठेवीत आहों.

या ध्वनिमुद्रिकेचें नांव ‘सिंथेसायझिंग : टेन रागाज टु अ डिस्को बीट’. नांवांतच सारें आलें: यंत्रावर, डिस्कोच्या ठेक्यावर, दहा राग. ग्रामोफोन कंपनी ऑफ इंडियानें, म्हणजे आपल्या परिचयाच्या ‘हिज मास्टर्स व्हॉइस’नें, ती बाजारांत आणिली. वाजविणारे गृहस्थ एकच, चरणजितसिंग. भैरव, ललत, भूपाली (जीस आपण भूप म्हणतों), तोडी, मधुवंती, मेघमल्हार, यमन, कलावती, मालकंस आणि बैरागी असे ते दहा राग. प्रत्येकास सुमारें पांच मिनिटें. गायक नाहीं, तबला नाहीं, तंबोरा नाहीं.

चरणजितसिंग हे मुंबईच्या चित्रपटसृष्टींतील वादक. स्टील गिटार, बेस गिटार, आणि पुढें विजेवर चालणारीं स्वरयंत्रें, हा त्यांचा व्यवसाय. चित्रपटगीताचा लौकिक गायकाकडे व संगीतकाराकडे जातो. मागच्या रांगेंत बसून त्या गीतास रंग भरणाऱ्या वादकाचें नांव तबकडीवर क्वचितच येई. अशा मागच्या रांगेंतल्या माणसानें एकदां पुढें येऊन स्वतःच्या मनांतलें वाजविलें, तें हें काम होय.

काळ कोणता होता, तें ध्यानांत घेतलें पाहिजे. १९८० सालीं ‘कुर्बानी’ आला, १९८१ सालीं नाझिया हसन यांची ‘डिस्को दीवाने’ ही तबकडी गाजली, १९८२ सालीं ‘डिस्को डान्सर’ झळकला. गणपतीच्या मांडवापासून लग्नाच्या मांडवापर्यंत एकच ठेका घुमत होता. चरणजितसिंगांनीं पुढें मुलाखतींत सांगितलें आहे कीं, चित्रपटांत डिस्कोचा असा सुकाळ असतां त्याच ठेक्यावर भारतीय राग वाजवून पाहावे व तबला बाजूस ठेवावा, असें त्यांच्या मनांत आलें. कल्पना साधी आहे. अवघड होतें तें पुढलें.

आतां त्या यंत्रांविषयीं दोन शब्द. रोलँड या जपानी कंपनीचीं तीन वाद्ययंत्रें तेव्हां नुकतींच बाजारांत आलीं होतीं. पहिलें टी. आर. ८०८. हें ताल धरणारें यंत्र. त्यांत खरा ढोल नाहीं कीं झांज नाहीं, विजेच्या आंदोलनांतूनच तें ढोल व झांज यांचा भास निर्माण करतें. दुसरें टी. बी. ३०३. तें एकट्यानें सराव करणाऱ्या गिटारवादकास खर्जाची साथ मिळावी, एवढ्याच माफक हेतूनें बनविलेलें होतें. त्यांत सोळा घरें असतात. प्रत्येक घरांत एक स्वर भरून ठेविला कीं यंत्र तीच स्वरावली फिरून फिरून वाजवीत राहतें. कोणत्या स्वरावर जोर द्यावा व कोणत्या स्वरावरून पुढल्या स्वरावर घसरत जावें, हेंही त्यांत आधीं सांगून ठेवितां येतें. शिवाय स्वरांतील वरचे उपस्वर गाळणारी एक चाळणी त्यांत आहे. तिचें बटण फिरविलें कीं तोच स्वर कधीं घुमा, कधीं तीक्ष्ण, कधीं ओलसर असा बदलत जातो. तिसरें ज्युपिटर-८. एका वेळीं आठ स्वर देणारा हा मोठा सिंथेसायझर; त्यावर चरणजितसिंगांनीं रागाची मुख्य चलन-वळणें वाजविलीं. हीं यंत्रें परस्परांशीं एका लयींत जोडून एकट्या माणसानें सारा वाद्यवृंद उभा केला.

एवढ्यावरून कोणी म्हणेल, यंत्रानें वाजविलें, मग माणसाचें कौतुक कशास? वाचकहो, तबकडी प्रत्यक्ष ऐकल्यावर आमचें मत याच्या अगदीं उलट झालें आहे. कौतुक आहे तें त्यांनीं काय वाजविलें यापेक्षां काय टाळिलें याचें.

पाश्चात्य नृत्यसंगीतांत स्वरांचे जुडगे, ज्यांस कॉर्ड म्हणतात, ते पायरीपायरीनें बदलत जातात. खर्जाचा आधारही त्यांच्याबरोबर जागा बदलतो. आपल्या रागास हें मानवत नाहीं. षड्ज एकदां लावला कीं तो शेवटपर्यंत ढळावयाचा नाहीं. सारे स्वर त्याच्याशीं आपलें नातें सांगत फिरतात, आणि त्या नात्यांतूनच राग उभा राहतो. आपल्या चित्रपटसंगीतांत यमनाच्या किंवा भैरवीच्या चालीखालीं हे जुडगे घालण्याची रीत जुनीच आहे. गोडवा त्यानें वाढतो, राग मात्र पातळ होतो. उभी हयात त्याच वाद्यवृंदांत काढलेल्या वादकाच्या हातास ती सवय किती असेल! तरीही या तबकडींत चरणजितसिंगांनीं जुडग्यांची ती चढउतार दूर ठेविली. षड्ज स्थिर राहिला, आणि ३०३ या यंत्राच्या घरांत त्या त्या रागाचेच स्वर भरले गेले. तंबोरा जें काम करतो, म्हणजे रागाची हवा सतत भरून ठेवितो, तें काम येथें फिरत राहणाऱ्या स्वरावलीकडून करवून घेतलें आहे.

रागांची निवडही सोपी नाहीं. भूप, यमन, कलावती हे कानास चटकन् रुचणारे राग त्यांत आहेत खरे. परंतु ललतांत पंचम नाहीं व दोन्ही मध्यम लागतात. मालकंसांत रिषभ व पंचम दोन्ही वर्ज्य. तोडींत रिषभ, गंधार, धैवत कोमल आणि मध्यम तीव्र. नृत्यसंगीताचा खर्ज बहुधा षड्ज-पंचमावर टेकून चालतो. ज्या रागांत पंचमच काढून घेतला आहे, ते राग नाचाच्या ठेक्यास कोण जोडावयास जाईल? टाळ्या मिळविण्याचाच बेत असता तर या वाटेस ते गेले नसते.

तिसरी गोष्ट मींडेची. पेटीवर किंवा पियानोवर एका स्वरावरून दुसऱ्यावर उडी मारावी लागते. मधली वाट नाहीं. ३०३ मधील ती घसर आणि सिंथेसायझरवरील स्वर वांकविण्याची सोय यांमुळें ही वाट थोडीशी उघडली. ज्या सोयी पाश्चात्य वादकासाठीं केवळ अलंकार म्हणून दिलेल्या होत्या, त्यांचा आपल्या संगीतास नेमका कोठें उपयोग आहे, हें या वादकानें ओळखिलें. आम्हांस यांत खरी कलादृष्टि दिसते.

आतां उणें तेंही सांगितलें पाहिजे. विलंबित आलापी येथें नाहीं. श्वास घेण्यास, स्वरावर थांबण्यास, गप्प बसण्यास जागा नाहीं. सोळा घरांचें तीनतालाच्या सोळा मात्रांशीं नातें केवळ संख्येचें आहे. त्यांत चारच ठोके, प्रत्येकाचे चार भाग, आणि चारही ठोके एकसारखे भरी. खालीची उसंत नाहीं, म्हणून समेवर येण्याचा आनंदही नाहीं. भैरव, मग ललत, मग एकदम भूप, हा क्रम प्रहरांचा विचार करणाऱ्यास रुचणार नाहीं. पांच मिनिटांचा आक्षेप मात्र आम्ही घेणार नाहीं. जुन्या तबकडीच्या एका बाजूस तीन-साडेतीन मिनिटेंच मावत, आणि तेवढ्यांत अब्दुल करीम खांसाहेब व हिराबाई बडोदेकर यांनीं जें भरून ठेविलें तें अजून पुरून उरलें आहे.

अण्णांचा मुख्य आक्षेप यंत्रालाच होता, व तो आपल्याकडे नवा नाहीं. आज आपल्या घरोघर जी पेटी आहे, ती परदेशांतून आलेली. ती रंगभूमीवर व मैफलींत शिरली तेव्हां सारंगीच्या अभिमान्यांनीं तिची यथेच्छ निंदा केली. तिचे स्वर बांधलेले, तिला मींड नाहीं, तिला श्रुति नाहींत, हे आक्षेप खोटे नव्हते. सांगलीचे कृष्णाजी बल्लाळ देवल यांनीं १९१० सालीं बावीस श्रुतींवर इंग्रजींत पुस्तक लिहिलें. त्यांनीं व क्लेमंट्स नांवाच्या इंग्रज अधिकाऱ्यानें श्रुतींस जुळेल अशी पेटी घडविण्याचा खटाटोप केला, आणि त्या कामीं अब्दुल करीम खांसाहेबांच्या सुरेल कंठाचें साहाय्य झालें. सरकारी नभोवाणीनें तर १९४० च्या मार्चपासून पेटीस आपल्या केंद्रांत मज्जाव केला, व तो पुढें कित्येक वर्षें चालला. परंतु त्याच पेटीवर गोविंदराव टेंबे यांनीं असा हात चालविला कीं, भास्करबुवा बखले यांच्यासारख्या गवयानें त्यांची साथ गोड मानून घेतली. आणि १९११ सालीं रंगभूमीवर आलेल्या ‘मानापमाना’च्या चाली याच पेटीवाल्यानें दिल्या. पेटीचे दोष गेले नाहींत. तिच्यापुढें बसलेल्या माणसाचा कान मात्र ते दोष ओलांडून गेला. आजमितीस गायनाच्या वर्गांत विजेचा तंबोरा व विजेचा तबला सर्रास चालतो. त्याविषयीं कोणी तक्रार करीत नाहीं. मग यंत्रावर राग वाजविला तर पाप कसें, हें ज्याचें त्यानें ठरवावें.

शिवाय चरणजितसिंग हे या मार्गानें जाणारे आपल्या देशांतले अगदीं पहिले होते, असेंही नाहीं. अहमदाबादेच्या राष्ट्रीय डिझाइन संस्थेंत १९६९ सालीं डेव्हिड ट्यूडर या अमेरिकन संगीतकारानें विजेचें स्वरयंत्र उभें करून दिलें होतें. गीता साराभाई प्रभृतींनीं त्यावर केलेलीं कामें फितींवर पडून राहिलीं व २०२३ सालीं प्रसिद्ध झालीं. पण तो प्रयोगशाळेंतला उद्योग होता. चरणजितसिंगांनीं आपलें काम बाजारांत, दुकानाच्या फळीवर, चित्रपटगीतांच्या शेजारीं मांडिलें. त्यांस तें लोकांनीं ऐकावयास हवें होतें.

लोकांनीं ऐकलें नाहीं. तबकडी खपली नाहीं, व हळूहळू विस्मृतींत गेली. आमचा तर्क असा कीं, ‘डिस्को’ हा शब्द पाहून रागदारीच्या घरांनीं नाक मुरडलें, आणि ‘राग’ हा शब्द पाहून नाचणाऱ्यांनीं पाठ फिरविली. दोघांपैकीं कोणीही सुई तबकडीवर ठेवण्याचे श्रम घेतले नाहींत.

पुढील कथा चमत्कारिक आहे. इकडे ३०३ हें यंत्रही बाजारांत पडलें; गिटारवादकांस तें आपल्या साथीस पुरेसें माणसासारखें वाटलें नाहीं, व १९८४ च्या सुमारास त्याचें उत्पादन बंद झालें. जुन्या मालाच्या दुकानांत तीं यंत्रें स्वस्तांत मिळूं लागलीं. अमेरिकेंत शिकागो येथील कांहीं निर्धन तरुणांच्या हातीं असें एक यंत्र आलें; त्यांनीं त्याच्या चाळणीचीं बटणें वेडींवांकडीं फिरवून एक नवाच ध्वनि काढला, आणि १९८७ सालीं ‘फ्यूचर’ या त्यांच्या मंडळीची ‘ॲसिड ट्रॅक्स’ ही तबकडी निघाली. तिच्यापासून ‘ॲसिड हाउस’ या नृत्यसंगीताचा जन्म झाला असें मानतात. पाहतां पाहतां तें साऱ्या युरोपांत पसरलें. २००२ सालीं एडो बाउमन नांवाच्या डच संग्राहकास भारतांत जुन्या तबकड्या शोधीत असतां चरणजितसिंगांची ही तबकडी सांपडली. घरीं नेऊन ऐकतो तों तेंच यंत्र, तसाच ध्वनि, आणि साल शिकागोच्या पांच वर्षें आधींचें! त्यानें मुंबईंत चरणजितसिंगांचा शोध काढला, व २०१० सालीं ‘बॉम्बे कनेक्शन’ या आपल्या संस्थेमार्फत ती तबकडी पुन्हां प्रसिद्ध केली. युरोपांतील कित्येकांचा प्रथम विश्वासच बसेना. कोणी आधुनिक चतुर माणसानें जुन्या वेष्टणांत घालून केलेली ही थट्टा असावी, अशी वदंता उठली. शेवटीं सत्तरी ओलांडलेल्या वादकास यंत्रांसह युरोपांत बोलावणीं आलीं, आणि जीं मुलें त्यांच्या नातवांच्या वयाचीं, तीं त्यांच्या भैरवावर नाचलीं. २०१५ च्या जुलै महिन्यांत, वयाच्या चौऱ्याहत्तराव्या वर्षीं, त्यांचें मुंबईंत निधन झालें.

ही कथा ऐकून आपल्याकडे लगेच छाती फुगते: ‘पाहा, ॲसिड हाउसचा शोध मुंबईंत लागला!’ या वाक्यांत अर्धेंच सत्य आहे. शिकागोच्या तरुणांनीं मुंबईची तबकडी ऐकली नव्हती, आणि चरणजितसिंगांस शिकागोची वार्ता असणें शक्यच नव्हतें. स्वतः त्यांनींही कोणत्या पंथाचें जनकत्व मागितलें नाहीं. आधीं घडणें निराळें व दुसऱ्यावर छाप पाडणें निराळें. या तबकडीची छाप जी पडली ती २०१० नंतर. जगभरच्या तरुण संगीतकारांस तिनें दाखवून दिलें कीं, या यंत्रांची भाषा शिकागोच्या बोलीपुरतीच मर्यादित नाहीं. आमच्या घरांतल्या मुलाचा तोडी हा त्याच छापेचा एक लहानसा ठसा. आणि हें जर १९८२ सालींच आपण कान देऊन ऐकलें असतें, तर कदाचित् चरणजितसिंगांनीं अशा आणखी तबकड्या केल्या असत्या. केलेल्या एकीचा अभिमान मिरविण्यापूर्वीं न झालेल्यांची हुरहुर आपणांस वाटली पाहिजे.

आतां पुन्हां पोखर्णीस. दुसऱ्या दिवशीं पहांटे, स्नान आटोपून अण्णा ओसरीवर जपास बसले होते. मुलानें त्यांच्याकडे पाहिलें. त्यांनीं मानेनेंच खूण केली. भैरव सुरू झाला. त्यांत एके ठिकाणीं यंत्रानें बदललेला मानवी आवाज ‘ॐ नमः शिवाय’ म्हणतो. अण्णांनीं डोळे उघडले, बोटांतील माळ क्षणभर थांबली. राग संपल्यावर ते म्हणाले, “रिषभाला आंदोलन नाहीं. पण भैरव आहे.” मुलाच्या मुद्रेवर जो आनंद उमटला, तो परीक्षेच्या निकालाच्या दिवशींही आम्हीं कधीं पाहिला नव्हता.

ऊन चढल्यावर तोडी लागला. या वेळीं अण्णांच्या कपाळास आठी पडली. “गंधार चढा आहे.”

“कितीसा, अण्णा?”

“केसभर. पण तोडीचा प्राण तेथेंच आहे. तोडीचा गंधार नेहमींच्या कोमल गंधाराहूनही खालीं बसतो.”

मुलगा जरा घुटमळला, आणि मग धीर करून म्हणाला, “अण्णा, रागावूं नका, पण आपल्या पेटीचाही गंधार तेवढाच चढा आहे ना?”

ओसरीवर शांतता पसरली. सूनबाई दारांत येऊन उभ्या राहिल्या. अण्णा मात्र खदखदून हसले. “खरें आहे. माझ्या वडिलांचें म्हणणें हेंच होतें. मीं पहिली पेटी घरांत आणिली तेव्हां ती त्यांनीं वर्षभर माजघरांत येऊं दिली नाहीं. ‘या खोक्यांत तोडी मावायचा नाहीं’ म्हणत. मी पेटीवर तोडी वाजवितों तेव्हां तो गंधार मनांत गात असतों, म्हणून निभावतें.”

“पण संगणकावर तो खालीं आणितां येतो,” मुलगा म्हणाला. त्यानें आदल्या संध्याकाळीं बंद पाडलेला आपला तोडी पुन्हां उघडला. हल्लींच्या संगणकी वाद्यांत हवा तो एकच स्वर सूक्ष्म अंशानें चढवितां-उतरवितां येतो, हें आम्हांस तेव्हां प्रथमच कळलें. चरणजितसिंगांच्या यंत्रांत ही सोय नव्हती. “तुम्ही सांगा, मी उतरवितों.”

“उतर. आणखी. आणखी थोडा. फार झालें, वर घे. अंहं, असें नव्हे, थांब.” आणि अण्णांनीं डोळे मिटून स्वतः तो गंधार लावून धरिला. दम पुरेना, तरी दोन वेळां, तीन वेळां लाविला. आणि मुलानें यंत्राचा स्वर त्यांच्या कंठाशीं मिळवीत मिळवीत एके ठिकाणीं आणून थांबविला. दोन्ही स्वर एकमेकांत विरले, तेव्हां कोणाचा कोणता हें आम्हांस उमगलें नाहीं.

ज्या देवाच्या दारीं हें घडलें, त्याचें रूप वाचकांच्या परिचयाचें आहेच. पुरता नर नव्हे, पुरता सिंह नव्हे. दिवस नव्हे, रात्र नव्हे. घरांत नव्हे, बाहेर नव्हे, उंबरठ्यावर तो प्रगटला. खांबावर लाथ मारणाऱ्यानें आंत देव असेल अशी कल्पनाही केली नव्हती. मिश्र रूप दिसलें कीं तें भ्रष्टच असावें, असें मानणाऱ्या आम्हां कुलधर्मवाल्यांनीं निदान आपल्या कुलदैवताची तरी आठवण ठेवावी.

आमच्या वाचककुटुंबांस एवढीच विनंती कीं, घरांतील मुलानें कांहीं नवें, कर्कश, चमत्कारिक असें वाजविलें तर तें एकदां पुरतें ऐकून घ्या. मग खुशाल चुका काढा. चुका काढणें म्हणजेच शिकविणें, आणि आपल्या ज्येष्ठांच्या कानांत जें साठलेलें आहे तें कोणत्याही यंत्रांत अद्याप भरलेलें नाहीं. मुलांनींही ‘जुन्यांना काय कळतें’ असें म्हणून दार लावून घेऊं नये. ज्या केसभर अंतरावर तोडीचा प्राण आहे, तें अंतर त्यांस वडीलधाऱ्यांखेरीज कोण दाखविणार?

परतीच्या गाडीस वेळ होता. स्थानकावरील बांकावर आजोबा व नातू शेजारीं बसले होते. गाडी दृष्टीस पडल्यावर अण्णा पिशवी सांवरीत उठले आणि म्हणाले, “पुढच्या खेपेस मालकंस कर. रात्रीं ऐकूं. मात्र मध्यमाला जप हो.”